दिवाणजीला बस दिसेना

राळेगावात बसस्टँडच्या मागच्या गल्लीत माझं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान आहे. पंचवीस-एक वर्षं झाली. दारात आलेल्या माणसाचं पहिलं वाक्य ठरलेलं असतं, "भाऊ, हे थोडं पाहून द्या नं." हे 'थोडं' म्हणजे किती, ते मला अजून उमगलेलं नाही. थोडं पाहायला आणलेल्या एका डब्यातून मी उंदराची बाळंतीण बाहेर काढली आहे, पिलांसकट आणि कापसाच्या गादीसकट. कापसाच्या जिनिंगच्या हंगामात तर पंख्यांमधून इतकी रुई निघते की वर्षाकाठी एखादी उशी सहज भरावी.

संपादकबाईंनी लेख मागितला तेव्हा त्या म्हणाल्या, "तुमच्या कामातलं लिहा, पण उपदेश नको." उपदेश करायची माझी लायकी नाही हे त्यांना कोणी सांगितलं कोण जाणे. मी उंदरांवर लिहिणार होतो. मग वाटलं, नको. लिहावं ते एका अशा कामावर, ज्याचा मला गर्व झाला आणि ज्यात मी सपशेल तोंडघशी पडलो. ते काम म्हणजे, मशीनच्या पोटात असलेला गेम मशीनलाच ओळखायला लावणं.

ज्यांचा याच्याशी कधी संबंध आला नाही त्यांच्यासाठी सांगतो. ज्या मशीनवर मोठे गेम खेळायचे असतात तिच्यात ग्राफिक्स कार्ड नावाची एक जाडजूड पट्टी असते. पडद्यावरची चित्रं काढायचं कष्टाचं काम तिचं. या कार्डाबरोबर त्याच्या कंपनीचं एक सॉफ्टवेअर येतं. मी त्याला दिवाणजी म्हणतो. कापसाच्या जिनावर दिवाणजी कसा, कोणाची गाडी आली, कुठं लावायची, सगळं पाहतो, तसं हे सॉफ्टवेअर मशीनमध्ये फिरून कोणकोणते गेम आहेत ते शोधतं. सापडलेल्या प्रत्येक गेमचं चित्र आपल्या यादीत लावतं. मग त्या गेमसाठी कार्डानं किती जोर लावायचा ते ठरवतं, आणि मुख्य म्हणजे खेळ चालू असताना त्याचं चित्रण करून ठेवतं, तेही खेळ अडखळू न देता.

पण दिवाणजी तो दिवाणजीच. त्याला जे दिसलं नाही ते त्याच्या लेखी नाहीच. गेम डोळ्यांसमोर चालू असतो आणि यादी कोरी. गिऱ्हाईक येतं, म्हणतं, "भाऊ, गेम चालते, पण त्याले दिसत नाही." तिथून माझं काम सुरू होतं.

कारणं बहुतेक साधी असतात. दिवाणजीला ठराविक फोल्डरमध्येच शोधायची सवय असते आणि गेम भलत्याच कप्प्यात पडलेला असतो. मग सेटिंगमध्ये जाऊन त्याला सांगावं लागतं, बाबा, इकडंही बघ. किंवा गेम नीट बसवलेलाच नसतो, मावसभावाच्या मशीनमधून नुसता उचलून आणलेला असतो. किंवा आपण दिवाणजीला दाखवतो ती फाइल नुसती गेमचं दार उघडणारी असते, खरा गेम आतल्या तिसऱ्या फोल्डरमध्ये बसलेला असतो. लग्नात मंडपाच्या दाराशी अत्तर लावणाऱ्याला नवरदेव समजून आहेर द्यावा, तसा हा प्रकार. आत जाऊन खरी फाइल दाखवली की काम होतं.

आणि कधी कधी कारण साधं नसतं. मारेगावचे एक मास्तर होते, त्यांना आपण झाडे सर म्हणू. खरं नाव देत नाही, कारण त्यांच्या घरच्या बाईंचा राग अजून पुरता गेलेला नाही. सर मांडीवर कॅबिनेट घेऊन बसनं आले. क्रिकेटचा गेम दिवाणजीला दिसत नव्हता. मी अख्खी डिस्क धुंडाळली, मलाही दिसेना. सर इकडंतिकडं पाहत माझ्या कानाशी आले.

"ते 'बदली अर्ज' नावाचं फोल्डर आहे नं, त्याच्यात 'सोयाबीन भाव' पाहा."

पठ्ठ्यानं फोल्डरसारखंच गेमच्या फाइलचं नावही इंग्रजी अक्षरांत, 'सोयाबीन भाव' असं ठेवलं होतं. मी विचारलं, असं काहून?

"आमच्या घरची सगळं उघडून पाह्यते. पण सोयाबीनचे भाव कोणी हौसेनं उघडत नाही, भाऊ."

दिवाणजी गेम नावानं ओळखतो, त्याला बिचाऱ्याला सोयाबीन काय कळणार? मी मूळ नाव परत दिलं, गेम लगेच यादीत आला आणि सर खुशीत गेले. पंधरा दिवसांनी बाईंचा फोन. "भाऊ, तुम्ही आमच्या ह्यांच्या मशीनमध्ये काय करून देल्लं? व्हिडिओच्या फोल्डरात नुसते सिक्सरच सिक्सर आहेत, अन् तारीख-वेळ पाह्यली तं सगळे शाळेच्या टायमाचे!" दिवाणजीनं इमानेइतबारे प्रत्येक षटकाराचं चित्रण करून ठेवलं होतं. तेव्हापासून मी गिऱ्हाइकाला आधी विचारतो, चित्रण चालू ठेवायचं की बंद.

तर या कामात माझं थोडं नाव झालं. उमरखेडपासून लोक फोन करायचे. मला वाटायला लागलं की दिवाणजीची नस आपल्याला सापडली. नाव झालं की माणूस प्रश्न विचारायचा थांबतो आणि उत्तरं द्यायला लागतो. मीही देत होतो. काही मशीनवर काही केल्या गेम दिसत नसे, तेव्हा मी ठामपणे सांगायचो, "तुमचा गेम जुना आहे. कंपनीच्या यादीत नाही. होणार नाही." गिऱ्हाईक मान हलवून घरी जायचं.

आता माझ्या एका सवयीबद्दल सांगायला हवं. माझे वडील शिंपी होते. नव्या कापडाला कात्री लावायच्या आधी ते खडूनं कोपऱ्यात 'श्री' काढत. गिऱ्हाइकाचं कापड, एकदा चुकीचं कापलं की कापलं, म्हणून त्यांचा हात आधी तिथं जायचा. मी कॉम्प्युटरच्या धंद्यात आलो तरी ते माझ्या अंगात राहिलं. मी जुळवलेल्या प्रत्येक मशीनमध्ये डी ड्राइव्हवर पहिलं फोल्डर मी देवनागरीत 'श्री' या नावाचं करायचो. आणि गिऱ्हाइकाला बजावायचो, "जे काही टाकाल ते याच्या आत टाका. विंडोज उडालं, सी फॉरमॅट केलं, तरी हे राहते." यात देवभक्ती थोडी होती आणि धंद्यातलं शहाणपण जास्त होतं. लोकांनाही ते आवडायचं. दसऱ्याला कॅबिनेटला हळदकुंकू वाहताना पडद्यावर श्री उघडून ठेवणारी घरं मला माहीत आहेत.

वैशालीताईचं घर त्यातलंच. राळेगावपासून दोन कोसांवर त्यांची शेती. बाई तिशीतली, लग्नाआधीपासून ट्रॅक्टर चालवणारी. नवऱ्यापेक्षा नांगराचं सरळ तास तीच काढते, हे नवराच सांगतो. यवतमाळच्या एका शाळेला मुलींच्या बससाठी बाई ड्रायव्हर हवी होती. तिचं नाव पक्कं झालं, फक्त मोठ्या गाडीचं लायसन पाहिजे होतं. पहिल्या चाचणीत ती नापास झाली. मैदानावर रिकामे लोखंडी ड्रम मांडून वळणं केलेली असतात. डावीकडच्या वळणावर बसचं मागचं चाक ड्रमवर गेलं, आणि तो असा काही वाजला की म्हणे पलीकडच्या रस्त्यावरची माणसं थांबून पाहायला लागली. दुसरी तारीख पंधरा दिवसांनी होती. शाळा तेवढं थांबायला तयार होती, त्याहून पुढं नाही.

ताईचे वडील एसटीत कंडक्टर होते. चार वर्षांपूर्वी वारले. त्यांच्या गाडीवरचे ड्रायव्हर म्हणजे उमरखेडचे गफ्फारभाई. दोघांनी उमरखेड-यवतमाळ रस्ता वर्षानुवर्षं एकत्र झिजवला. गफ्फारभाई आता रिटायर, गुडघे गेलेले, पण हात शांत बसत नाहीत, म्हणून मुलाच्या लॅपटॉपवर बस चालवायचा गेम खेळतात. खेळण्यातलं स्टेअरिंग टेबलाला लावून, समोर पडद्यावर ड्रायव्हरच्या जागेवरून दिसतो तसा रस्ता, डावी-उजवीकडे आरसे. ताई नापास झाल्याचं कळल्यावर त्यांनीच फोन केला होता. "रडू नको. तुह्या दिराची मशीन हाय नं घरी? तिच्यात हा गेम टाक. चालव. अन् चालवलेलं मले पाठव. तुहं काय चुकते ते मी पाह्यतो."

यातच सगळी अडचण होती. ताईनं मोबाइलनं पडद्याचा व्हिडिओ काढून पाहिला. पडदा त्यात लपलपत होता आणि आरशांच्या जागी नुसते पांढरे डाग. आरसा दिसल्याशिवाय गफ्फारभाईंना काही सांगता येईना. मी फोनवर सांगून दुसरं एक चित्रण करणारं सॉफ्टवेअर टाकायला लावलं, तर जुनी मशीन धापा टाकायला लागली आणि बस बैलगाडीसारखी हिसके देत चालली. उरला तो दिवाणजी. त्याच्यावर मशीनचा जोर खर्च होत नाही. पण दिवाणजीला ती बस दिसतच नव्हती.

ही मशीन तिच्या दिरासाठी मीच जुळवली होती. तो नागपूरला नोकरीला गेला आणि मशीन घरी राहिली. ताई ती ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत गादीवर ठेवून दुकानात घेऊन आली.

"भाऊ, माह्याकडं नऊ दिवस आहेत," ती म्हणाली. "होते का नाही तेवढं खरं सांगा."

मी पाहिलं. फोल्डर दाखवलं, यादी कोरी. गेमची खरी फाइल हातानं निवडून दिली, खिडकी बंद झाली आणि यादी कोरीच. कार्डाचा ड्रायव्हर, म्हणजे ते चालवणारं सॉफ्टवेअर, नवा टाकला. दिवाणजीला काढून पुन्हा बसवला. तरी तेच. नेहमीचं उत्तर माझ्या ओठांवर आलं होतं, गेम जुना आहे, यादीत नाही. पण तिनं खरं सांगा म्हटलं होतं, आणि ते खरं आहे की नाही हे मला ठाऊक नव्हतं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा मला स्वतःच्या उत्तराची शंका आली. मी म्हटलं, "मशीन ठेवून जा."

दोन दिवसांनी मी सी ड्राइव्ह पुसून विंडोज नव्यानं टाकलं. डी मधलं सगळं अर्थातच सुखरूप राहिलं, माझ्या शहाणपणाप्रमाणे. बस अजूनही दिसत नव्हती. चौथ्या दिवशी ताई आली, बाकावर बसली. मशीनकडं पाहत राहिली. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. ती एवढंच म्हणाली, "गफ्फारकाकाच्या लॅपटॉपवर तं दिसते म्हणते."

"काय दिसतं?"

"हाच गेम. त्याच्या त्या यादीत."

मी तिथंच कपाळावर हात मारून घेतला. ही गोष्ट पहिल्या दिवशी विचारायची होती. मी गफ्फारभाईंना स्पीकरवर फोन लावला.

"बोला इंजिनेर साहेब. पोरीची बस निघाली का डेपोतून?"

"नाही निघाली. भाई, तुमचा गेम कार्डाच्या सॉफ्टवेअरमध्ये दिसतो?"

"दिसते नं. पह्यल्या दिवसापासून दिसते. पोट्ट्यानं लावून देल्लं अन् सुरू."

त्यांचा गेम हाच, आवृत्तीही तीच, दिवाणजीही तोच. म्हटलं, आता फरक एकच उरतो, तो कुठं ठेवलाय. "भाई, गेम कोणत्या फोल्डरात आहे ते वाचून दाखवा."

चष्मा शोधायला दोन मिनिटं गेली. मग एकेक अक्षर लावत आवाज आला. "डी... मंग गेम्स... मंग बस. संपलं."

"आणि श्री?"

"कोनचा श्री?"

"सगळ्यात वरचं फोल्डर. श्री नावाचं. डी च्या आत पहिलंच."

ते म्हणाले, "साहेब, माह्यं नाव अब्दुल गफ्फार. माह्या घरी श्रीचं फोल्डर कायले राहीन?"

आम्ही दोघंही खो खो हसलो. ताईही हसली. हसू आवरून ते म्हणाले, "आमी बी बिस्मिल्ला म्हनल्याशिवाय स्टार्टर नाही मारला कधी. पन ते तोंडानं म्हनतो. इंजनात नाही ठेवत."

माझं हसू तिथं थांबलं. गफ्फारभाईंच्या मशीनमधला रस्ता सगळा इंग्रजी अक्षरांचा होता. ताईच्या मशीनमध्ये गेमकडं जायचा रस्ता देवनागरीतल्या श्रीमधून जात होता. हा दिवाणजी परदेशात घडलेला, त्याला आपली अक्षरं वाचता येत नव्हती. तो श्रीच्या दारापर्यंत यायचा, पाटी वाचता आली नाही की मागं फिरायचा. आत काय आहे ते त्याला कधी कळलंच नाही. आणि ती पाटी प्रत्येक घरात मीच लावली होती.

"ताई," मी म्हटलं, "चूक माझी आहे. तुमच्या गेमची नाही, मशीनची नाही. तुमचे चार दिवस मी खाल्ले."

तिला मी सगळं समजावून सांगितलं. ती रागावेल असं वाटलं होतं. तिनं विचारलं ते वेगळंच. "मंग श्री काढून टाकाल का? सासूबाई दर दसऱ्याले पुजतेत त्याले."

"काढत नाही. राहू देतो जागेवर. गेम तेवढा बाहेर काढतो."

"मंग काढा. देव कायले म्हणते, बस माह्यातच ठेवा म्हणून."

शेजारी एक साधं इंग्रजी नावाचं फोल्डर करून मी गेम तिकडं हलवला. अर्धा तास लागला. मग दिवाणजीला नवा रस्ता दाखवला आणि शोध म्हटलं. पडद्यावर गोल फिरत राहिलं. ताई बाकावरून उठून माझ्या खांद्यामागं येऊन उभी राहिली. गोल थांबलं आणि यादीत लाल बसचं चित्र उमटलं. मला इतका आनंद झाला की मी दुकानात एकटा असतो तर नाचलो असतो. पहिली मशीन जुळवली तेव्हाही इतका झाला नव्हता.

त्याच दुपारी तिनं मशीनबरोबर आणलेलं दिराचं खेळण्यातलं स्टेअरिंग दुकानातच लावून बस चालवली. चित्रण लख्ख आलं, आरशातला रस्त्याकडेचा दगडसुद्धा दिसत होता. ते गफ्फारभाईंना पाठवलं. तासाभरात त्यांचा फोन. मी स्पीकरवर टाकला.

"पोरी, तुहं चुकते काय ते दिसलं. तू बसमधी बसून ट्रॅक्टर चालवून राह्यली."

ताईला कळेना. मलाही कळेना.

"पाह्य. ट्रॅक्टरवर आपुन कुठं बसतो? मागच्या मोठ्या चाकाच्या वर. पुढची चाकं आपल्या समोर. वावराच्या कडेचा धुरा आला की वळवलं, बरोबर जमते. बसमधी आपुन पुढच्या चाकाच्या बी पुढं बसतो. तुले वाटते कोपरा आला. तू आली कोपऱ्यावर, बस नाही आली. तुह्या मांगं अख्खी बस यायची हाय. तू लवकर कापते म्हणून मागचं चाक ड्रमवर चढते. ड्रम तुह्या खांद्याच्या मांगं जाऊ दे. दोन सेकंद हात बांधून ठेव. मंग कापजो."

ताई म्हणाली, "काका, मले आतापर्यंत सगळे म्हणत होते, तुले घाई आहे, तू घाबरते. मी घाबरत नव्हती." पंधरा वर्षं ट्रॅक्टर चालवलेल्या हाताला कोणी भित्रा म्हटलं की लागतंच.

पुढचे पाच दिवस रोज एक चित्रण उमरखेडला जायचं आणि तिकडून निकाल यायचा. पहिल्या दिवशी, "अजून ट्रॅक्टर." दुसऱ्या दिवशी, "पुढून बस, मांगून ट्रॅक्टर." चौथ्या दिवशी, "आज डोक्यात ट्रॅक्टर होता, हातात नव्हता." पाचव्या दिवशी काहीच निकाल आला नाही. ताईनं घाबरून फोन केला तर म्हणाले, "मी तुह्या बसमधी बसून पार दिग्रसपरेंत गेलतो, झोप लागली." ड्रायव्हरला दुसऱ्याच्या गाडीत झोप लागणं, ही त्यांच्याकडची मोठीच शाबासकी म्हणे.

त्याच पाच दिवसांत मी माझं प्रायश्चित्त घेत होतो. ज्यांना ज्यांना मी 'गेम जुना आहे' म्हणून परत पाठवलं होतं त्यांना आठवून आठवून फोन केले. श्रीतून गेम बाहेर काढा, रस्ता साधा करा, पुन्हा शोधा. बहुतेकांचं काम फोनवरच झालं. कोणी हसलं, कोणी म्हणालं, "तरीच!" आणि एक जण म्हणाला, "भाऊ, मी तं तुमच्या शब्दावर ते कार्डच विकून टाकलं." आवाजात राग नव्हता. त्या एका वाक्याची टोचणी अजून गेलेली नाही. 'मला माहीत नाही' एवढं म्हणायला माझा काय जीव गेला असता?

श्री मी सोडलेला नाही. पण आता तो फोल्डरात नसतो. नव्या कॅबिनेटचं झाकण लावायच्या आधी आतल्या पत्र्यावर खडूनं काढतो. तिथं तो कोणाच्या वाटेत येत नाही.

चाचणीच्या दिवशी सकाळी मीही यवतमाळला गेलो. सुटे भाग आणायचे होते, असं मी घरी सांगितलं. ते खोटं नव्हतं, पण ते दुसऱ्या दिवशीही आणता आले असते. ताईचा नवरा फवारणीत अडकला होता आणि गफ्फारभाईंनी मला फोन करून गळ घातली होती. "साहेब, तेवढं डावं वळन मले दाखवा. बाकी काही नाही पाठवलं तरी चालते."

मी मैदानाच्या कुंपणाबाहेर उभा राहिलो. ताई बसमध्ये चढली, ओढणी कमरेला बांधून. चढायच्या आधी तिनं टायरला हात लावून नमस्कार केला. गाडी निघाली. सरळ गेली, मागं आली, उजवीकडं वळली. मग ती डाव्या वळणाकडं येऊ लागली तसा मी मोबाइल वर केला आणि चित्रण चालू केलं. डोळे मात्र पडद्यावर नव्हते, ते बसवर होते. ती कोपऱ्याशी आली. वळली नाही. पुढं आली, आणखी पुढं आली, मला वाटलं आता समोरच्या भिंतीत जाते. काचेतून मला तिचे हात दिसत होते, स्टेअरिंगवर घट्ट धरलेले. आणि मग ते फिरले. एवढी मोठी गाडी हळूच डावीकडं झुकली आणि मागचं चाक ड्रमला वीतभर अंतर ठेवून निघून गेलं.

मी व्हिडिओ पाठवून दिला. पाठवल्यावर स्वतः पाहिला. काळाकुट्ट अंधार. भिंगावर माझा अंगठा होता, पहिल्यापासून शेवटपर्यंत. लोकांचे गेम चित्रित करून देणारा मी, आणि एवढं एक वळण मला टिपता आलं नाही. तेवढ्यात फोन वाजला.

"पाह्यलं, साहेब."

"भाई, माफ करा. त्यात काही दिसत नाही. माझा अंगठा—"

"मी डोये मिटूनच पाह्यलं. गेर पडल्याचा आवाज ऐकला. मंग ती थांबून राह्यली, दोन सेकंद हात नाही हलवला. मंग वळली. ड्रम वाजला नाही. तिचा बाप असता, तं मांगून डबल घंटी मारली असती."

मैदानात बस थांबली होती आणि वैशालीताई पायऱ्या उतरत होती. मी कुंपणाच्या जाळीतून फोन तिच्याकडं पुढं केला.